अपघातातील इजेची भरपाई: टक्का अपंगत्वाचा आणि टक्का कमाईचा

एका भगिनींनी आपल्या धाकट्या भावासंबंधी विचारले आहे. भाऊ ३४ वर्षांचा असून संगमनेर परिसरात घरगुती वायरिंगची कामे करतो. पाच महिन्यांपूर्वी पुणे-नाशिक महामार्गावर सिन्नरजवळ एका मालवाहू टेम्पोने अचानक वळण घेऊन त्याच्या मोटारसायकलला धडक दिली. डाव्या पायाची नडगी गुडघ्यापाशी मोडली, शस्त्रक्रिया करून प्लेट बसवावी लागली आणि रुग्णालयाचे बिल सुमारे चार लाख रुपये झाले, ज्यातील दोन लाख मेडिक्लेममधून मिळाले. हेल्मेट घातलेले नव्हते, फिर्याद अकराव्या दिवशी नोंदली गेली आणि आयकर विवरणपत्र कधीच भरलेले नाही. आता टेम्पोच्या विमा कंपनीकडून आलेले एक गृहस्थ सांगतात की टेम्पोचालकाकडे फक्त हलक्या वाहनाचे लायसन्स असल्याने खरे तर काहीच मिळणार नाही, तरीही अडीच लाख घेऊन प्रकरण मिटवावे. ऑपरेशन करणारे डॉक्टर म्हणतात, अपंगत्व ३५ टक्क्यांच्या आसपास येईल. अडीच लाख घ्यावेत का, आणि ३५ टक्के अपंगत्वाला किती पैसे मिळतात, असे दोन प्रश्न त्यांनी विचारले आहेत.

पहिल्या प्रश्नाचे उत्तर देण्याआधी एक विनंती करतो, की हे उत्तर वाचून पूर्ण होईपर्यंत भावाने कशावरही सही करू नये. अडीच लाख हा आकडा त्या गृहस्थांनी उदारपणे ठरवलेला नाही, तो मोटार वाहन कायद्याच्या कलम १६४ मधला आहे. २०१९ च्या दुरुस्तीने आलेले आणि १ एप्रिल २०२२ पासून लागू झालेले हे कलम सांगते की चूक कोणाची याचा विचार न करता मृत्यूसाठी पाच लाख आणि गंभीर दुखापतीसाठी अडीच लाख रुपये द्यावेत. हाड मोडणे ही कायद्याच्या दृष्टीने गंभीर दुखापतच आहे, त्यामुळे ही रक्कम तुमच्या भावाला जवळपास काहीही सिद्ध न करता मिळू शकते. अडचण तिच्या परिणामाची आहे. कलम १६६ च्या परंतुकानुसार, म्हणजे त्यातील अपवादाच्या अटीनुसार, विमा कंपनीशी ठरवून कलम १६४ खालची भरपाई एकदा स्वीकारली की मोटार अपघात दावा प्राधिकरणापुढील, म्हणजे असे दावे चालवणाऱ्या न्यायालयापुढील, दावा संपुष्टात येतो. म्हणजे ही रक्कम पूर्ण भरपाईचा पहिला हप्ता नसून तिच्या बदल्यात घ्यायची रक्कम आहे. अपघात दावेदाराच्याच चुकीने झाला असेल, किंवा समोरच्या वाहनचालकाचा निष्काळजीपणा दाखवायला एकही साक्षीदार वा कागद नसेल, तर मी स्वतः पक्षकाराला कलम १६४ चा मार्ग सुचवतो. तुमच्या भावाच्या प्रकरणात टेम्पोचालकावर गुन्हा नोंदलेला आहे, इजा कमाईच्या हत्याराला झाली आहे आणि वय ३४ आहे. अशा वेळी कलम १६६ खाली, म्हणजे चालकाचा निष्काळजीपणा सिद्ध करून, संपूर्ण भरपाई मागणे हेच योग्य.

मात्र त्यासाठी वेळ फार थोडा उरला आहे. कलम १६६(३) नुसार अर्ज अपघातापासून सहा महिन्यांच्या आत दाखल व्हावा लागतो. १९९४ च्या दुरुस्तीपासून २०२२ पर्यंत अशा अर्जाला मुदतच नव्हती, त्यामुळे अजूनही कित्येक जण, आणि खेदाने सांगावे लागते की काही वकीलसुद्धा, ‘क्लेमला मुदत नसते’ असे बिनधास्त सांगतात. या मुदतीच्या तरतुदीला सर्वोच्च न्यायालयात आव्हान दिले गेले असून, केवळ उशिराच्या कारणावरून अर्ज फेटाळू नयेत असा अंतरिम आदेश नोव्हेंबर २०२५ मध्ये झालेला आहे. पण अंतरिम आदेश हा अंतरिमच असतो आणि हातात महिना असताना त्याच्या भरवशावर राहण्याचे काहीही कारण नाही. उपचार संपलेले नाहीत किंवा अपंगत्वाचे प्रमाणपत्र अजून मिळालेले नाही, म्हणूनही थांबू नये. अर्ज आता दाखल करता येतो आणि ते कागद पुराव्याच्या टप्प्यावर देता येतात.

अर्ज कुठे करायचा, याचे उत्तर सोपे आहे. अपघात नाशिक जिल्ह्यात झाला असला तरी दावेदार जिथे राहतो किंवा व्यवसाय करतो तिथल्या मोटार अपघात दावा प्राधिकरणातही अर्ज चालतो, तेव्हा दर तारखेला नाशिक गाठण्याची गरज नाही. सामनेवाले म्हणून टेम्पोचा मालक, चालक आणि विमा कंपनी या तिघांनाही सामील करावे. पोलिसांनीही या कामात भाग घ्यायचा असतो. १ एप्रिल २०२२ पासूनच्या नियमांप्रमाणे तपासी अधिकाऱ्याने ४८ तासांत पहिला अपघात अहवाल, ५० दिवसांत अंतरिम अहवाल आणि ९० दिवसांत सविस्तर अपघात अहवाल प्राधिकरणाकडे पाठवणे अपेक्षित आहे, आणि डिसेंबर २०२२ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने या वेळापत्रकाचे पालन सर्व राज्यांत व्हावे असे निर्देश दिले आहेत. असा अहवाल प्राधिकरणाने दाव्याचा अर्ज म्हणून धरावा, अशीही तरतूद आहे. माझा अनुभव मात्र असा, की काही ठाण्यांत हे काम चोख होते आणि काही ठिकाणी अहवाल गेला की नाही हेच कोणाला सांगता येत नाही. ठाण्यात जाऊन त्या अहवालाची प्रत मागा, फिर्याद, घटनास्थळाचा पंचनामा, वाहनांचा आरटीओ तपासणी अहवाल आणि दोषारोपपत्र यांच्या प्रती घ्या, पण स्वतःचा अर्ज स्वतंत्रपणे दाखल करा.

आता लायसन्सची भीती. ती जुनी आहे आणि या प्रकरणात बहुधा पोकळ आहे. ६ नोव्हेंबर २०२४ रोजी सर्वोच्च न्यायालयाच्या पाच न्यायमूर्तींच्या घटनापीठाने स्पष्ट केले की हलक्या मोटार वाहनाचे लायसन्स असणाऱ्या चालकाला ७,५०० किलोपेक्षा कमी एकूण वजनाचे परिवहन वाहन चालवण्यासाठी वेगळ्या नोंदीची आवश्यकता नाही. टेम्पोच्या नोंदणी पुस्तकात एकूण वजनाचा आकडा असतो, तो पाहा. छोटे मालवाहू टेम्पो सहसा या मर्यादेच्या बरेच खाली असतात. समजा, चालकाकडे लायसन्स मुळातच नव्हते, तरीही त्याचा अर्थ जखमीला काही मिळत नाही असा होत नाही. सर्वोच्च न्यायालयाने २००४ मध्ये घालून दिलेल्या तत्त्वानुसार अशा अनेक प्रकरणांत विमा कंपनीने आधी जखमीला पैसे द्यावेत आणि मग ते मालकाकडून वसूल करावेत, असा आदेश केला जातो. लायसन्सचा वाद मुख्यतः विमा कंपनी आणि मालक यांच्यातला आहे. खरी काळजी करायची वेळ येते ती वाहनाचा विमाच नसेल तेव्हा, कारण मग मालकाच्या मालमत्तेतून वसुली करावी लागते आणि ती वर्षानुवर्षे रेंगाळते.

उशिरा नोंदलेल्या फिर्यादीची फारशी चिंता नको. जखमी माणूस आणि त्याचे नातेवाईक आधी दवाखाना पाहतात आणि नंतर पोलीस ठाणे, हे न्यायालये जाणतात, आणि केवळ उशिरामुळे दावा संशयास्पद ठरत नाही असे सर्वोच्च न्यायालयाने २०११ मध्ये सांगितलेले आहे. त्या अकरा दिवसांचा खुलासा रुग्णालयाच्या कागदांतून झाला पाहिजे इतकेच. भरती करताना लिहिलेल्या केसपेपरवर ‘रस्ता अपघात’ अशी नोंद आहे का, हे आजच तपासा. तिथे घाईत कोणी ‘पडल्यामुळे’ असे लिहिले असेल तर तो एक शब्द पुढे उलटतपासणीत तासभर छळतो. हेल्मेटचेही तसेच आहे. हेल्मेट न घालणे हा वाहतुकीच्या नियमाचा भंग आहे यात वाद नाही, पण भरपाईतून कपात करायची तर त्या चुकीमुळे अपघात घडला किंवा इजा वाढली, असा संबंध दिसावा लागतो. इजा गुडघ्याला आहे, तेव्हा डोक्यावर हेल्मेट असते तरी नडगी मोडलीच असती. त्याच धर्तीवर, मोटारसायकलवर तिघे बसले होते एवढ्यावरून सहभागी निष्काळजीपणा, म्हणजे अपघातात जखमीचाही दोष, धरता येत नाही, असा २०२० चा सर्वोच्च न्यायालयाचा निकाल आहे. आणखी एक गोष्ट लक्षात असू द्या. या दाव्यात निष्काळजीपणा फौजदारी खटल्यासारखा निःसंशय सिद्ध करावा लागत नाही. कोणती बाजू अधिक संभवनीय वाटते, एवढे पाहिले जाते. म्हणून उद्या टेम्पोचालक फौजदारी न्यायालयातून सुटला, तरी तेवढ्याने दावा पडत नाही.

आता दुसऱ्या प्रश्नाकडे वळतो. ३५ टक्के अपंगत्वाला किती, हा प्रश्न माझ्या कचेरीत जवळजवळ प्रत्येक जखमी माणूस याच शब्दांत विचारतो, आणि मी दरवेळी सांगतो की या प्रश्नाची मांडणीच बदलायला हवी. डॉक्टर जो टक्का लिहितात तो शरीराचा, आणि बहुतेकदा त्या एका अवयवाचा असतो. डाव्या पायाचे ३५ टक्के अपंगत्व म्हणजे संपूर्ण शरीराचे ३५ टक्के नव्हे, आणि संपूर्ण शरीराचा टक्का म्हणजेही कमाईत आलेल्या तुटीचा टक्का नव्हे. प्राधिकरणाला भरपाई द्यायची असते ती या तिसऱ्या टक्क्याची. ‘राजकुमार विरुद्ध अजयकुमार’ या सर्वोच्च न्यायालयाच्या निकालाने हा विचार पायरीपायरीने मांडला आहे, आणि इजेच्या दाव्यांत आजही सर्वाधिक आधार त्याचाच घेतला जातो. दावेदार अपघाताआधी काय काम करत होता, त्या कामाला कोणत्या हालचाली लागतात, आता त्यांतल्या कोणत्या होत नाहीत, आणि तेच काम जमत नसेल तर दुसरे कोणते काम करून तो किती मिळवू शकेल, हे पाहायचे असते. निकालातच उदाहरण दिले आहे: डावा हात गमावलेला माणूस चालक किंवा सुतार असेल तर त्याची कमाई जवळजवळ पूर्णच बुडते, पण तोच सरकारी कार्यालयातला कारकून असेल तर त्याची नोकरी टिकू शकते. वैद्यकीय टक्का दोघांचाही एकच असतो.

याच विषयावरचा सप्टेंबर २०२० चा निकाल मला फार बोलका वाटतो. टायपिंग आणि डेटा एंट्रीचे काम करणाऱ्या एका विशीतल्या तरुणाचा उजवा हात गेला होता आणि वैद्यकीय अपंगत्व ८९ टक्के होते. उच्च न्यायालयाने कमाईतील तूट ४५ टक्के धरली, तर सर्वोच्च न्यायालयाने ती ६५ टक्क्यांवर नेली आणि यांत्रिक पद्धतीने टक्का कमी करणे बरोबर नाही, असे सुनावले. माझ्या मते हा निकाल तुमच्या भावाला दोन्ही अंगांनी उपयोगी आहे, कारण प्रमाणपत्रावरचा आकडा जसाच्या तसा मागू नका हे तो सांगतो आणि कामाचे वर्णन जितके नेमके तितका आकडा टिकतो हेही सांगतो.

म्हणून भावाच्या बाबतीत ‘गुडघा दुखतो, चालायला त्रास होतो’ एवढे शपथपत्रात लिहून भागणार नाही. वायरमन दिवसभरात काय करतो ते लिहा. शिडीवर किती वेळ उभा राहतो, माळ्यावर किंवा पोटमाळ्यावर वाकून कसा शिरतो, स्विचबोर्डाखाली उकिडवे बसून भिंतीला खोबणी कशी पाडतो, वायरची भेंडोळी घेऊन किती मजले चढतो. मग गुडघा किती अंशांपर्यंत वाकतो हे डॉक्टरांकडून लिहून घ्या, पाय आखूड झाला असेल तर किती सेंटिमीटर तेही घ्या, आणि या दोन वर्णनांची सांगड शपथपत्रात घाला. गुडघा नव्वद अंशांपुढे वाकत नसेल तर उकिडवे बसणे संपले. एका पायावर भार पेलत नसेल तर शिडी संपली. ही जोडणी प्राधिकरणाने आपोआप करावी अशी अपेक्षा ठेवू नये. वर्षानुवर्षे मी पाहिले आहे की एकाच अस्थिरोगतज्ज्ञाचे, एकाच टक्क्याचे प्रमाणपत्र दाखल झालेल्या दोन प्रकरणांत भरपाई दुप्पट-तिप्पट फरकाने निघते, आणि फरक बहुधा कामाच्या या वर्णनाचा असतो.

दुसरी गोष्ट डॉक्टरांच्या साक्षीची. वकिलीच्या सुरुवातीच्या काळात मी एका शिंप्याच्या दाव्यात अपंगत्वाचे प्रमाणपत्र दाखल केले आणि डॉक्टरांना साक्षीला बोलावण्याचा खर्च आणि वेळ वाचवला. समोरच्या वकिलांनी उलटतपासणीत एवढेच विचारले की हे प्रमाणपत्र देणाऱ्या डॉक्टरांनी तुमच्यावर उपचार केले होते का. उत्तर ‘नाही’ होते. प्रमाणपत्राला फारसे वजन मिळाले नाही, आणि त्या माणसाच्या अंगठ्याची किंमत माझ्या काटकसरीने कमी झाली, ही गोष्ट आजही मला टोचते. उपचार न केलेल्या डॉक्टरांनी हातोहात दिलेल्या प्रमाणपत्रांकडे सावधपणे पाहावे, असे राजकुमार निकालात स्पष्ट म्हटले आहे. शक्य तोवर शस्त्रक्रिया करणाऱ्या डॉक्टरांनाच बोलवा. ते तयार नसतील तर जिल्हा शल्यचिकित्सकांकडच्या वैद्यकीय मंडळाचे प्रमाणपत्र घ्या आणि मंडळातील डॉक्टरांची साक्ष घ्या. डॉक्टरांना कोर्टात यायला आवडत नाही, हे मान्य. पण त्यांची साक्ष एक दिवसाची असते आणि तिचा परिणाम भावाच्या पुढच्या सगळ्या कमाईवर होतो.

तिसरी कडी उत्पन्नाची, आणि तुमच्या भावाची सर्वांत कच्ची बाजू तीच आहे. विवरणपत्र नाही म्हणजे उत्पन्न नाही असा अर्थ कोणतेही प्राधिकरण काढत नाही. पुरावा नसताना कुशल कामगाराच्या किमान वेतनाकडे पाहिले जाते, आणि ते किमान वेतन ही अंतिम मर्यादा नव्हे, एक आधार आहे, असे सर्वोच्च न्यायालयाने २०२१ मध्ये सांगितले आहे. तरीही न्यायाधीशांपुढे कागद ठेवला तर त्यांना किमान वेतनापलीकडे जाण्याचे धाडस करता येते. वायरमनचा परवाना असल्यास तो, गेल्या दोन-तीन वर्षांचे बँक खाते आणि त्यात ग्राहकांकडून मोबाइलवरून जमा झालेल्या रकमा, ज्या दुकानातून माल उचलतो तिथली बिले, ज्यांच्या हाताखाली उपकंत्राट घेतले त्यांचे दाखले, आणि दोन-तीन नियमित ग्राहकांची साक्ष, इतके जमवता येते. अपघातानंतर घाईघाईने मागील तारखांची विवरणपत्रे भरण्याचा सल्ला कोणी दिला तर तो मानू नका. ती तारीख उलटतपासणीत पहिल्या मिनिटाला समोर येते आणि खऱ्या कागदांवरचाही विश्वास उडतो.

आता हिशेब मांडून दाखवतो, म्हणजे अडीच लाखांची तुलना करता येईल. समजा, प्राधिकरणाने मासिक उत्पन्न १५,००० रुपये धरले. ‘प्रणय सेठी’ या ३१ ऑक्टोबर २०१७ च्या घटनापीठाच्या निकालानुसार स्वयंरोजगार करणाऱ्या चाळिशीच्या आतील व्यक्तीच्या उत्पन्नात भावी वाढ म्हणून ४० टक्के मिळवतात. हा निकाल मृत्यूच्या दाव्यातला होता आणि कायमचे अपंगत्व आलेल्या जखमींना ही वाढ द्यायची की नाही याबद्दल बरीच वर्षे घोळ चालला, पण टायपिस्टच्या ज्या निकालाचा मी वर उल्लेख केला त्यानेच हा घोळ संपवला. तेव्हा १५,००० चे २१,००० झाले, म्हणजे वर्षाचे २,५२,०००. वय ३१ ते ३५ असल्यास ‘सरला वर्मा’ या २००९ च्या निकालातील गुणक, म्हणजे वार्षिक उत्पन्नाला गुणण्यासाठी वयानुसार ठरवलेला आकडा, १६ आहे, म्हणून एकूण ४०,३२,०००. मृत्यूच्या दाव्यात यातून मृताचा स्वतःचा खर्च वजा करतात. जखमी माणूस जिवंत आहे, खातोपितो आहे, म्हणून इथे ती वजावट नसते. कमाईतील तूट २५ टक्के मानली तर १०,०८,००० रुपये होतात, ३५ टक्के मानली तर १४,११,२०० आणि १५ टक्केच मानली तरी ६,०४,८००. एकेक टक्का ४०,३२० रुपयांचा आहे, आणि २५ टक्के धरून चालल्यास मासिक उत्पन्नातला एकेक हजार ६७,२०० रुपयांचा. प्राधिकरण नेमके किती धरेल हे मी सांगू शकत नाही, कोणी सांगत असेल तर तो अंदाज आहे. पण पारडे कोणत्या बाजूला आहे हे आकड्यांवरून दिसते.

याखेरीज उपचारांचा खर्च वेगळा, काम बंद राहिलेल्या महिन्यांचे बुडालेले उत्पन्न वेगळे, प्रवास, पौष्टिक आहार आणि सोबत राहिलेल्या माणसाचा खर्च वेगळा, आणि वेदना तसेच आयुष्यातील सुखांना मुकणे यांसाठीची रक्कम वेगळी. प्लेट काढण्यासाठी दुसरी शस्त्रक्रिया लागणार असेल तर डॉक्टरांकडून तिचा अंदाजित खर्च लिहून घ्या. हा भविष्यातील खर्च मागायचा राहून गेला तर नंतर त्यासाठी नवा दावा करता येत नाही. मेडिक्लेममधून मिळालेले दोन लाख विमा कंपनी बिलातून वजा करू पाहील. या बाबतीत महाराष्ट्रातील दावेदार आता सुरक्षित आहेत, कारण मुंबई उच्च न्यायालयाच्या पूर्णपीठाने मार्च २०२५ मध्ये निर्णय दिला आहे की मेडिक्लेमची रक्कम ही जखमीने स्वतः हप्ते भरून केलेल्या कराराचे फळ असल्याने ती वैद्यकीय खर्चाच्या भरपाईतून कापता येणार नाही. मात्र मेडिक्लेम कंपनीकडे मूळ बिले जमा झालेली असतील, म्हणून तिच्याकडून किंवा रुग्णालयाकडून प्रमाणित प्रती आणि मंजुरीचे पत्र मागून ठेवा. औषधांच्या बिलांसोबत त्या त्या तारखेची चिठ्ठी हवी. आणि एक्स-रेच्या सर्व फिल्म, अगदी पहिल्या दिवसाच्याही, जपून ठेवा. माझ्या एका प्रकरणात रुग्णालयाने जुन्या फिल्म रद्दीत घातल्या होत्या आणि हाड कसे मोडले होते हे डॉक्टरांना आठवणीवरून सांगावे लागले.

तुमच्या प्रश्नाचा भाग नाही, पण हे वाचणाऱ्या इतरांसाठी सांगतो. जखमी व्यक्ती गृहिणी असेल तर तिचे उत्पन्न शून्य मानले जात नाही, घरकामाचे काल्पनिक उत्पन्न धरून वरच्याच पद्धतीने हिशेब होतो. लहान मूल कायमचे परावलंबी झाले असेल तर सांभाळ करणाऱ्या माणसाचा खर्चही गुणक लावून मिळतो. फेब्रुवारी २०२० मध्ये सर्वोच्च न्यायालयाने बारा वर्षांच्या मुलीच्या प्रकरणात दोन मदतनिसांचा खर्च १८ च्या गुणकाने मोजला आणि एकूण ६२ लाखांहून अधिक भरपाई दिली. धडक देणारे वाहन पळून गेले आणि कधीच सापडले नाही तर कलम १६१ खाली गंभीर दुखापतीला ५०,००० आणि मृत्यूला दोन लाख मिळतात. आणि ५ मे २०२५ पासूनच्या केंद्राच्या योजनेत अपघातग्रस्ताला सात दिवसांपर्यंत दीड लाखापर्यंतचे उपचार नेमून दिलेल्या रुग्णालयांत रोख पैसे न भरता घेता येतात.

अर्जात किती रक्कम मागावी, असेही लोक विचारतात. मागणीपेक्षा जास्त रक्कम देण्याचा अधिकार प्राधिकरणाला आहे, हे सर्वोच्च न्यायालयाने २००२ मध्येच मान्य केले आहे. कलम १६८ चा शब्द ‘न्याय्य भरपाई’ असा आहे. तरीही मागणी हिशेबाला धरून करावी. पन्नास लाखांचा आकडा टाकून पुरावा पाच लाखांचा दिला तर न्यायाधीशांचे मन कलुषित होते. वकिलांच्या फीबद्दल थोडे कटू बोलतो. भरपाईतला ठरावीक टक्का घेण्याचा करार करणे बार कौन्सिलच्या नियमांना धरून नाही. रुग्णालयाच्या आवारात भेटून ‘वीस टक्क्यांवर काम करतो’ म्हणणाऱ्या मध्यस्थापासून लांब राहा, त्याने आणलेल्या वकालतनाम्यावर सही करू नका. खर्च परवडत नसेल तर जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडे मोफत वकिलासाठी अर्ज करता येतो.

तडजोडीला माझा विरोध नाही. राष्ट्रीय लोकअदालतीत मोटार अपघात दावे मोठ्या संख्येने मिटतात आणि कित्येकदा ते जखमीच्या हिताचेच असते, कारण पैसे लवकर हातात येतात आणि तिथल्या निवाड्यावर अपील नसल्याने प्रकरण खरोखर संपते. पण तडजोड दावा दाखल झाल्यानंतर, डॉक्टरांचा कागद हातात आल्यानंतर आणि वरचा हिशेब समोर ठेवून करावी. तिथे व्याजही धरायला विसरू नका. कलम १७१ खाली अर्जाच्या तारखेपासून व्याज मिळू शकते आणि ते बहुतेक प्रकरणांत सहा ते नऊ टक्क्यांच्या दरम्यान असते. दावा तीन वर्षे चालला तर हे व्याज लहान रक्कम राहत नाही. निकालानंतर विमा कंपनीने तीस दिवसांत रक्कम जमा करायची असते. रक्कम कमी वाटली तर उच्च न्यायालयात ९० दिवसांत अपील करता येते, विमा कंपनीलाही तो मार्ग खुला असतो. भावाच्या स्वतःच्या नावाचे बँक खाते, आधार आणि पॅन यांचा तपशील अर्जाबरोबरच द्या, कारण भरपाई थेट दावेदाराच्या खात्यात जावी असे २०२५ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने बजावले आहे.

या महिन्यात करायची कामे त्यामुळे अशी: टेम्पोच्या नोंदणी पुस्तकाची आणि पॉलिसीची प्रत पोलिसांच्या कागदांतून मिळवा, अपघाताच्या तारखेला पॉलिसी चालू होती ना हे तारखेसकट पाहा, सहा महिने पुरे होण्याच्या किमान आठवडाभर आधी अर्ज दाखल करून त्याचा क्रमांक घ्या, आणि त्या गृहस्थांना लेखी कळवा की कलम १६४ चा प्रस्ताव मान्य नाही. अपंगत्वाची तपासणी मात्र घाईने आताच करून घेऊ नका. हाड जुळून आणि व्यायामोपचार पूर्ण होऊन गुडघ्याची हालचाल स्थिर झाली, असे शस्त्रक्रिया करणारे डॉक्टर सांगतील तेव्हाच मंडळासमोर जा, आणि जाताना पहिल्या दिवसापासूनच्या सगळ्या फिल्म बरोबर न्या.